चष्मा डोक्यावर असेल तर

“मशीन कधी खोटं बोलत नाही,” असं आमचे मॅनेजरसाहेब उद्घाटनाच्या भाषणात म्हणाले आणि आम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. तेव्हा जरा डोकं चालवलं असतं तर टाळ्या राहिल्या बाजूला, तिथेच मटकन खाली बसले असते.

मी बँकेत एकतीस वर्षं कॅशियर होते. तीन नंबरची खिडकी. बाजारातले लोक माझ्यामागे मला ‘तीन नंबरची तोफ’ म्हणतात हे मला पक्कं ठाऊक आहे, आणि खरं सांगू? मला ते आवडायचं. रांगेत ढकलाढकली झाली की मी डाफरायचे, सही वाकडी आली की परत पाठवायचे, आणि कुणी स्लिप चुकवली की “स्लिपा काय झाडाला लागतात?” हे माझं वाक्य ठरलेलं. पण माझ्या खिडकीतून कुणाला एक नोट कमी गेली की जास्त गेली, असं एकदाही झालं नाही. त्याची मला भारी घमेंड.

गोष्ट मात्र माझी नाही, इस्त्रीकाकूंची आहे. निदान मला इतके दिवस तसं वाटत होतं.

बँकेच्या समोरच्या इमारतीत जिन्याखाली काकूंचं इस्त्रीचं टेबल. जिन्याखालची उंची पाच फूट आणि काकू पाच फूट दोन इंच. त्या दोन इंचांपायी बाईंची मान कायम डावीकडे कललेली. नव्या माणसाला वाटायचं, काय मन लावून ऐकतात हो! प्रत्यक्षात डोक्यावर पायरी असायची. खिशात सापडलेलं सगळं त्या एका पत्र्याच्या डबीत ठेवायच्या आणि कपड्यांबरोबर परत करायच्या: किल्ल्या, तिकिटं, बटणं, एकदा तर चक्क एक दात. कपड्यावरून माणूस ओळखायच्या. “समोरच्या सरांचं घरी बिनसलंय बघा,” एकदा मला म्हणाल्या, “बटणं स्वतःच लावायला लागलेत. पांढऱ्या शर्टाला काळा दोरा!” आणि महिन्याभरात सरांची बायको माहेरी गेल्याची बातमी आली. मी तोंडात बोट घातलं.

डोळ्यावर जाड काचांचा चष्मा. वाफेने काचा धुरकटल्या की तो कपाळावरून वर सरकवायचा, डोळे पुसायचे, पुन्हा खाली ओढायचा. दिवसातून शंभर वेळा तरी.

काकूंचे यजमान म्हणजे शेठ. कसले शेठ, डोंबलाचे! बाजाराने गमतीने ठेवलेलं नाव. पण माणूस असा लाघवी की रागवायचं म्हटलं तरी जमू नये. जिभेवर खडीसाखर. दारू नाही, पत्ते नाहीत, बायकोवर कधी आवाज चढवला नाही. एकच खोड: डोक्यात धंदे यायचे. आधी दुकानांना माशांच्या पेट्या भाड्याने द्यायचा धंदा. मासे आठवड्यात मेले, पेट्या वर्षभर घरात. मग बोलणारी घड्याळं. दर तासाला “आता अमुक वाजले” म्हणणारी दीडशे घड्याळं आणली, खपली अकरा. उरलेली घरात एकापाठोपाठ एक बोलत राहायची, कारण एकाचीही वेळ दुसऱ्याशी जुळत नव्हती. काकू म्हणायच्या, “बारा वाजायला आमच्याकडे वीस मिनिटं लागतात.”

दोन्ही धंद्यांना पैसा काकूंचा. जिन्याखाली मान मोडून साठवलेला.

घड्याळांनंतर एके दिवशी काकू माझ्या खिडकीशी आल्या. दुपारची वेळ, मागे रांग नव्हती. म्हणाल्या, “ताई, एक काम आहे. बँकेच्या नियमात बसत नाही.”

“मग नका सांगू,” मी म्हटलं.

त्यांनी सांगितलंच. कोपऱ्यावरचा एक गाळा त्यांच्या मनात भरला होता. खिडकी असलेला, सरळ उभं राहता येईल असा. मालक तीन लाख म्हणत होता आणि त्याला घाई नव्हती. “दहा-बारा वर्षं लागतील, पण होईल,” काकू म्हणाल्या. “फक्त ह्यांनी मागितले की मला नाही म्हणता येत नाही. तोंडातून निघतच नाही हो. ते बिचारे इतक्या आशेने बघतात!”

“मग मी म्हणते नाही,” मी म्हटलं. काय अवदसा आठवली मला!

ठरलं ते असं. पासबुक माझ्या ड्रॉवरमध्ये राहील. शेठ बरोबर आले आणि काकूंचा चष्मा डोळ्यावर असला, तर खरं काय ते सांगायचं. चष्मा डोक्यावर असला, तर खात्यात काही नाही म्हणून सांगायचं. झाकली मूठ सव्वा लाखाची, आणि मूठ झाकायचं काम माझ्याकडे.

अकरा वर्षांत शेठ सात वेळा आले. सातही वेळा चष्मा डोक्यावर. मी कधी चारशे बारा सांगायचे, कधी तीनशे ऐंशी, कधी पाचशेला दहा कमी. खोटं बोलायचं तर नीट बोलावं, दर वेळी तोच आकडा कोण मानेल? शेठ खळखळून हसायचे. “मॅडम, आमचं खातं म्हणजे रांजणाचा तळ आहे!” म्हणायचे आणि बायकोच्या पाठीवर हात ठेवून निघून जायचे. मला मेलीला त्यात काय मजा यायची! काकूही हळूहळू तयार झाल्या. सातव्या वेळी तर कमालच केली. मी आकडा सांगितल्यावर खिडकीला दोन्ही हातांनी धरून म्हणाल्या, “ताई, नीट बघा ना हो. अजून एकदा बघा.” काय तो आवाज! मी घरी जाऊन आमच्या ह्यांना नक्कल करून दाखवली. म्हटलं, ही बाई नाटकात असती तर नाव काढलं असतं.

ते तीन वर्षांपूर्वी. त्यानंतर शेठ बँकेत आले नाहीत. त्याच आठवड्यात त्यांची आई गेली, आणि माणूस एकदम गप्प झाला. धंद्यांचं नाव काढेना. मी भेटायला गेले होते, काकूंचा हात हातात घेऊन बसलेही होते. त्या एक शब्द बोलल्या नाहीत. सासूवर जीव होता बाईंचा, असं मी मनाशी म्हटलं.

मग गेल्या वर्षी मशीन आलं.

एक नाही, दोन आली. पैसे देणारं आणि पैसे घेणारं. खिडक्या एक आणि दोन ठेवल्या, माझी तीन नंबरची काढून तिथे भिंत घातली. भिंत! एकतीस वर्षं जिथे माझं कोपर टेकलं होतं तिथे कॅलेंडर टांगलं. मला एक निळं जाकीट दिलं, पाठीवर छापलेलं ‘मी आपली मदत करू का?’ आणि मशीनशेजारी उभं केलं. माझा एवढा संताप झाला की पहिला दिवसभर मी कुणालाच मदत केली नाही.

पण लोकांचे हाल बघवेनात. रिक्षावाला गुप्त नंबर दाबताना अख्खी छत्री उघडायचा. एक आजी मशीनला नंबर मोठ्याने सांगायच्या, बहिऱ्याला सांगावं तशा, आणि मग माझ्याकडे वळून, “ऐकत नाही गं हे!” पेन्शनवाले सर पैसे आले की मशीनला “आभारी आहे” म्हणायचे आणि मशीन काहीच बोललं नाही की पडलेल्या चेहऱ्याने जायचे. घेणारं मशीन तर महा नखरेल. नोट चुरगळलेली असली, कोपरा दुमडलेला असला, की परत थुंकलीच. मासळीवाल्या मावशींच्या ओल्या नोटा तर त्याने एकदाही गिळल्या नाहीत. मावशींनी त्याला अशा काही शिव्या घातल्या की मॅनेजरसाहेब केबिनचं दार लावून बसले.

आणि तोडगा कुणी काढला? इस्त्रीकाकूंनी! पहिल्याच आठवड्यात त्यांनी आपल्या नोटा टेबलावर पसरून, वर सुती कापड टाकून, मंद इस्त्री फिरवली. कडक, सरळ, कोमट नोटा. मशीनने एकही परत केली नाही. झालं, दुसऱ्या दिवसापासून सगळा बाजार जिन्याखाली. मासळीवाल्या मावशी, भाजीवाले, न्हावी, सगळे आधी काकूंकडे नोटा परीटघडीच्या करून घ्यायचे आणि मग मशीनकडे यायचे. काकूंनी त्याचा पैसा घेतला नाही. म्हणायच्या, “पैशाला इस्त्री करायचे पैसे घेतले तर देव हसेल.” मला त्यांचं इतकं कौतुक वाटायचं! पन्नाशी उलटलेली बाई, पण मशीनशी त्यांचं माझ्याआधी जमलं.

एकदा पैसे भरून झाल्यावर त्यांनी मशीनच्या वरच्या काळ्या टिकलीकडे बोट दाखवलं. “हे काय ताई?”

“कॅमेरा.”

“बघतो?”

“सगळं बघतो. तुम्ही कशा उभ्या राहता, काय करता, एक हालचाल सुटत नाही.”

काकूंनी मान अजून जरा कलती केली. “आणि तुम्ही याला सगळं सांगितलंय ना? आपलं?”

मी तेव्हा कातावलेलीच होते. पाठीवर ते जाकीट, समोर ते कॅलेंडर. मी फणकारले, “सांगितलंय हो सगळं! माझी खुर्ची घेतली त्याने, माझं कामही करू दे की!”

“बरं झालं,” काकू म्हणाल्या आणि निर्धास्त निघून गेल्या.

त्या कशाबद्दल विचारत होत्या हे माझ्या ध्यानातच आलं नाही. खातं, नाव, नंबर, असलंच काहीतरी असेल, असं मी धरून चालले. अहो, त्यांच्यासाठी बँक म्हणजे बँक. खिडकी गेली, मशीन आलं, म्हणजे एक कॅशियर गेला आणि दुसरा आला. जुन्याने नव्याला कामं सोपवताना नीट सगळं सांगायचं असतं. इतकी साधी गोष्ट, आणि मी ‘सांगितलंय’ म्हणून मोकळी!

आता त्या सोमवारचं सांगते.

अकराच्या सुमारास दार ढकलून शेठ आत आले. तीन वर्षांनी. मागे काकू. शेठच्या अंगात खाकी गणवेश, कडक इस्त्रीचा, खिशावर नावाची पट्टी. मोठ्या दुकानाच्या पार्किंगमध्ये गाड्या लावून द्यायची नोकरी लागली होती. आयुष्यातली पहिली पगाराची नोकरी, वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी. चेहरा असा उजळलेला की मला आधी ओळखूच आले नाहीत.

“मॅडम!” लांबूनच ओरडले. “आज काढायला नाही, भरायला आलोय! पहिला पगार! हिच्या खात्यात, माझ्या हाताने! म्हटलं, ते मशीन नोटा कशा खातं ते बघू तरी.”

रांगेतले दोघेचौघे हसले. मीही हसले. “व्वा शेठ! पेढे कधी?” वगैरे काहीतरी म्हटलं. तेवढ्यात पलीकडच्या मशीनने पेन्शनवाल्या सरांचं कार्ड गिळलं आणि सर घाबरून माझी बाही ओढायला लागले. मी तिकडे वळले. भरायलाच आलेत, काढायला नव्हे, मग भीती कसली, असंच मनात आलं. मी सावध व्हायला हवं होतं, पण मी सरांच्या कार्डामागे लागले.

मला कडेने दिसत होतं. काकूंनी कार्ड घातलं, नंबर दाबला. शेठनी नोटा आपल्या हाताने, फूल वाहावं तशा, त्या फटीत ठेवल्या. मशीनने घरघर करून मोजल्या. एकही परत आली नाही. आणि तेव्हा काकूंनी मान वर केली, त्या काळ्या टिकलीकडे सरळ बघितलं आणि चष्मा उचलून डोक्यावर ठेवला.

सरांना तिथेच टाकून मी धावले. “थांबा, थांबा, बटण मी दाबते!” असं ओरडलेही बहुतेक. पण बटण दाबायचं काही नव्हतंच. मशीनने कुणी न विचारता, आपणहून, हाताच्या पंजाएवढ्या अक्षरांत लिहिलं: जमा नऊ हजार. एकूण शिल्लक दोन लाख त्र्याण्णव हजार चारशे.

शेठनी ते बोट लावून वाचलं. एकदा मनात, एकदा मोठ्याने. मग फसकन हसले.

“मॅडम, तुमचं मशीन येडं झालंय! नऊ हजार भरले तर हे तीन लाखांच्या गोष्टी करतंय. आमच्या खात्यात किती असतात ते सगळ्या बाजाराला ठाऊक आहे. तुम्हीच सांगा ह्या लोकांना. चारशे बारा असतात ना?”

सगळी रांग माझ्याकडे बघायला लागली. काकूंचा चेहरा पांढराफटक. त्या मशीनकडे बघत होत्या, एखाद्या घरच्या माणसाने चारचौघांत तोंडात मारावी तशा. चष्मा अजून डोक्यावरच होता.

आणि खोटं कशाला सांगू, माझी जीभ तयार होती. ‘हो हो शेठ, सकाळपासून बिघडलंय, कंपनीच्या माणसाला बोलावलंय.’ अकरा वर्षांची सवय. आठवं खोटं अगदी ओठांवर आलं होतं.

तेवढ्यात काकूंनी हात वर केला आणि चष्मा खाली, डोळ्यांवर ओढला.

माझ्याकडे बघत होत्या. चष्मा डोळ्यावर म्हणजे खरं.

“मशीन बरोबर आहे, शेठ,” मी म्हटलं.

शेठ हसतच होते. हसू जायला थोडा वेळ लागला. “म्हणजे?”

“पैसे काकूंचे आहेत. गाळ्यासाठी साठवलेत. पहिल्यापासून होते. मी तुम्हाला खोटं सांगत आले.”

मला वाटलं, आता हा माणूस भडकेल. चारचौघांत तमाशा होईल. तसं झालं असतं तर बरं झालं असतं. पण ते गणवेशाची टोपी काढून भिंतीच्या बाकावर बसले. टोपीच्या काठावरून बोट फिरवत राहिले. मग मान वर न करता बायकोला विचारलं, “आईच्या वेळी पण होते?”

आईच्या वेळी? मला काही कळेना. काकूंनी डोळे मिटले.

“होते.”

“किती?”

“दोन लाखांच्या वर.”

“त्यांनी तीस हजार भरा म्हटलं होतं,” शेठ म्हणाले. हे त्यांनी मला सांगितलं, काकूंना नव्हे. “दवाखान्याने. भरले की लगेच घेतो आत म्हणाले. आम्ही दोघं तिथून धावत इथे आलो. तुम्ही चारशे बारा म्हणालात. मग मी स्कूटर विकायला गेलो. गिऱ्हाईक मिळेपर्यंत दुसरा दिवस उजाडला.”

मी मशीनला धरलं.

सातवी वेळ! “ताई, नीट बघा ना हो. अजून एकदा बघा.” मी घरी जाऊन नक्कल केली होती. आमचे हे पोट धरून हसले होते. आणि खिडकीत, अरे देवा, खिडकीत मी काकूंना डोळासुद्धा मारला होता.

“पण चष्मा,” मी कशीबशी म्हणाले, “काकू, तुमचा चष्मा तर डोक्यावर होता!”

“रडत होते हो ताई,” काकू म्हणाल्या. “डोळे पुसायला वर सरकवला होता. तसाच राहिला.”

काकू पुढे बोलत होत्या, नवऱ्याकडे बघून, एकेक शब्द ओढून काढल्यासारख्या. “तुमच्यासमोर कसं सांगणार होते, की ह्या खोटं बोलताहेत, पैसे आहेत? आठ वर्षांचं सगळंच उघडं पडलं असतं. वाटलं, आता बँक बंद होईल, सकाळी एकटी येते आणि गुपचूप काढते. कुणाकडून उसने आणले म्हणून सांगते. एका रात्रीने काय होतंय, असं वाटलं मला.”

आणि मग ती सकाळ मला आठवली. बँक उघडता उघडता काकू आल्या होत्या. टेबलाशी उभ्या राहून पैसे काढायची स्लिप भरत होत्या. आकडा लिहिला होता, तीस हजार. अक्षरी लिहायचं होतं, सही व्हायची होती. तेवढ्यात शेजारची बाई दारातून ओरडली, “काकू, चला लवकर!” आणि त्या स्लिप तशीच टाकून पळाल्या. नंतर सासूचे दिवस झाल्यावर पहिल्यांदा आल्या तेव्हा मी काय म्हणाले असेन? “त्या दिवशी स्लिप वाया घालवलीत काकू. स्लिपा काय झाडाला लागतात?” मी असं म्हणाले होते. त्यांच्या तोंडावर. आणि त्या म्हणाल्या होत्या, “चुकलं ताई.”

“मला सांगायचं होतंत!” मी जवळजवळ ओरडले. “तीन वर्षं! एका शब्दाने तरी!”

“तुम्हाला कशाला?” काकूंना खरंच कळलं नाही. “ठरल्याप्रमाणे तर केलंत तुम्ही.”

शेठ उठले. टोपी डोक्यावर घातली, सरळ केली. मशीनमधून पावती लोंबत होती, ती हलक्या हाताने फाडून घेतली, घडी करून खिशात ठेवली. मी वाट बघत होते, काहीतरी जहरी बोलतील आणि मी मोकळी होईन. ते माझ्यासमोर येऊन उभे राहिले. आवाज नेहमीसारखाच मऊ.

“मॅडम, एक विचारू? त्या दिवशी तुम्ही हिच्या तोंडाकडे नाही का बघितलंत?”

काय सांगणार? बघितलं होतं ना! कपाळाच्या वर बघितलं होतं. चष्मा कुठे आहे ते बघितलं, आकडा सांगितला, पुढचा नंबर पुकारला.

ते गेले. काकू त्यांच्यामागून गेल्या. पेन्शनवाले सर म्हणाले, “मॅडम, माझं कार्ड,” आणि मला रडू फुटलं. निळ्या जाकिटात, सगळ्या बाजारासमोर.

जिन्याखालचं टेबल चार दिवस बंद होतं. मासळीवाल्या मावशींच्या नोटा मशीन पुन्हा थुंकायला लागलं. पाचव्या दिवशी टेबल उघडलं आणि मी जेवणाच्या सुट्टीत तिकडे गेले. काय बोलायचं ते रात्रभर घोकलं होतं, तिथे गेल्यावर एक अक्षर आठवेना. काकूंनीच स्टूल पुढे केलं.

“गाळा घेऊन टाका,” मी म्हटलं. “आता थोडेच कमी आहेत. मी घालते वरचे.”

“त्या पैशाला हात लागत नाही ताई.”

“आणि शेठ?”

“कामावर जातात. बोलतात, जेवतात. पगार आता बँकेत नको म्हणतात. डब्यात ठेवतात.” त्यांनी एक शर्ट उलटा केला, कॉलरवर इस्त्री टेकवली. “रोज संध्याकाळी माझ्यासमोर डबा उघडतात. मोजतात. किती आहेत ते मोठ्याने सांगतात, आणि मग विचारतात, बरोबर ना? मी हो म्हणते.”

इस्त्रीखालून वाफ येत होती. काकूंच्या काचा धुरकटून पार पांढऱ्या झाल्या, डोळे दिसेनात, गालावरून पाणी खाली आलं. वाफेचं की कशाचं, ते मी आता सांगणार नाही. माझं सांगणं पुष्कळ झालं. नेहमीप्रमाणे त्यांचा हात चष्म्याकडे गेला, तो वर सरकवायला. मग त्यांचं माझ्याकडे लक्ष गेलं आणि हात तिथेच थांबला.

चष्मा तसाच ठेवून, काचेखालून बोट घालून, त्यांनी एकेक डोळा पुसला.